गांवची शाळा व गांवचा तलाव

शेतकीच्या मासिकांत शाळेची चर्चा कशाला, असें आमचे कांहीं वाचक विचारतील. त्यांस आमचें उत्तर असें कीं, बियाणें, कर्ज, पीकविमा, सातबारा व धानखरेदीची नोंदणी ह्या सर्वांचा व्यवहार आतां कागदावर व मोबाईलवर होतो. ज्या कास्तकारास तो स्वतः वाचतां येत नाहीं त्यास दुसऱ्याच्या डोळ्यांनीं पाहावें लागतें, आणि दुसऱ्याच्या डोळ्यांनीं पाहणाराची जमीन कधींच सुरक्षित नसते. म्हणून जुन्या चांदा जिल्ह्यांतील, म्हणजे आजच्या चंद्रपूर व गडचिरोली ह्या दोन जिल्ह्यांतील, लहान शाळांचा प्रश्न शेतीचाच प्रश्न आहे असें आम्ही समजतों.

प्रश्न उद्भवला तो असा. सन २०१७ च्या डिसेंबरांत राज्य सरकारनें दहापेक्षां कमी पटाच्या सुमारें १३०० शाळा बंद करून त्यांतील मुलें जवळच्या शाळांत घालण्याचें ठरविलें. सन २०२२ मध्यें वीसपर्यंत पट असलेल्या शाळांची माहिती मागविण्यांत आली. पुढें २१ सप्टेंबर २०२३ च्या परिपत्रकानें अशा शाळा एकत्र करून ‘समूहशाळा’ काढण्याचे प्रस्ताव मागविले गेले, व पुणें जिल्ह्यांतील पानशेत आणि नंदुरबार जिल्ह्यांतील तोरणमाळ येथील शाळा नमुन्यादाखल पुढें ठेवण्यांत आल्या. ज्या गडचिरोलीची सुमारें तीन चतुर्थांश भूमि रानानें व्यापिली आहे, जेथें तीसचाळीस घरांचें गांव आणि दहाबारा घरांचा टोला ही रोजची गोष्ट आहे, तेथें वीसांच्या आंतला पट हा अपवाद नव्हे. येथील शाळा कोणाच्या हयगयीनें लहान राहिल्या असें नाहीं; गांवेंच लहान आहेत. तेव्हां डोकीं मोजून निर्णय करण्यापूर्वीं ह्या शाळा कोणी काढल्या, कोणीं पोसल्या आणि त्यांची थैली कोणाच्या हातीं राहिली, हें एकदां पाहणें जरूर आहे.

नागपूरचें राज्य सन १८५४ मध्यें खालसा झालें आणि १८६१ मध्यें मध्यप्रांत निर्माण झाला. सर रिचर्ड टेंपल हे चीफ कमिशनर असतां १८६२ सालीं प्रांताचें शिक्षणखातें सुरू झालें. पुढच्या जमाबंदींत मालगुजारांस गांवाचे मालकी हक्क मिळाले व साऱ्याबरोबर रस्ता, शाळा व टपाल ह्यांच्या पट्ट्याहि त्यांच्यावर बसल्या. मालगुजारानें ती रक्कम आणली कोठून, हें सांगावयास नको. सरकारी शाळेचा पहिला पैसा धानाच्या बांधींतून निघाला, ही गोष्ट आमच्या वाचकांनीं ध्यानांत ठेवावी. शाळा हें सरकारनें खेड्यास घातलेलें दान आहे असें जें बोललें जातें, तें आरंभापासूनच खरें नाहीं.

परंतु पट्टी बसली म्हणून शाळा प्रत्येक गांवीं आली नाहीं. अहेरी, धानोरा, मुरूमगांव, रांगी, कोरची अशा जमीनदाऱ्यांच्या रानांत शाळा फार विरळ राहिल्या. तेथें मुलांचें शिक्षण म्हणजे रान, घर आणि गोटुल. सन १८८३ च्या स्थानिक स्वराज्याच्या कायद्यानें डिस्ट्रिक्ट कौन्सिलें व लोकल बोर्डें आलीं आणि खेड्यांतील शाळा त्यांच्याकडे गेल्या. सन १९२० मध्यें प्राथमिक शिक्षणाचा कायदा होऊन स्थानिक संस्थांना शिक्षण सक्तीचें करण्याची मुभा मिळाली. पण मुभा मिळाली तरी पैसा मिळाला नाहीं, आणि खेड्यांत त्या कायद्याचा अंमल थोडाच झाला. जिल्ह्याच्या ठिकाणीं बसणाऱ्या कौन्सिलास वैनगंगेपलीकडचा टोला दिसत नव्हता, आणि टोल्यावरील माणसास कौन्सिल म्हणजे काय हें ठाऊक नव्हतें.

ह्या इतिहासांतील सर्वांत विचार करण्याजोगा प्रयत्न त्यानंतर झाला. सन १९३७ च्या जुलईंत मध्यप्रांत व वऱ्हाडांत डॉ. ना. भा. खरे ह्यांचें काँग्रेस मंत्रिमंडळ अधिकारावर आलें. त्यांत शिक्षणमंत्री असलेल्या पंडित रविशंकर शुक्लांनीं ‘विद्यामंदिर’ योजना मांडली. ज्या गांवीं शाळा नाहीं व मैलभराच्या आंत सुमारें ४० मुलें-मुली आहेत, तेथें कोणी मालगुजारानें वा कास्तकारानें जमीन दान द्यावी. तिचें उत्पन्न वर्षास सुमारें २०० रुपये असावें. आणि त्या उत्पन्नांतून शिक्षकाचा पगार व शाळेचा खर्च भागवावा, अशी ती कल्पना. त्याच वर्षीं २२ व २३ ऑक्टोबर रोजीं वर्ध्यास महात्मा गांधींच्या अध्यक्षतेखालीं शिक्षणपरिषद भरली व तींतून डॉ. झाकिर हुसेन समितीची मूलोद्योग शिक्षणाची योजना निघाली. विद्यामंदिराच्या शिक्षकांचा वर्ग १९३८ मध्यें वर्ध्यासच सुरू झाला. ‘मंदिर’ ह्या नांवावरून मुस्लिम लीगनें मोठा वाद माजविला. पुढें १९३९ च्या नोव्हेंबरांत मंत्रिमंडळानें राजीनामा दिला आणि योजनेचा जोर ओसरला.

राजकारण बाजूस ठेवून ही योजना कास्तकाराच्या दृष्टीनें तपासून पाहूं. वर्षास २०० रुपये म्हणजे महिन्यास सोळासतरा रुपये. शिक्षकाचें पोट दर महिन्यास जेवण मागतें. धानाची बांधी वर्षांतून एकदां देते, आणि तीहि देईलच असें नाहीं. आमच्याकडील कोरडवाहू धान हस्ताच्या पावसावर अवलंबून. हस्त कोरडा गेला कीं लोंबी भरत नाहीं, मग शाळेच्या शेताची तरी लोंबी कशी भरावी? शिवाय शाळेचें शेत सर्वांचें, आणि सर्वांचें शेत सर्वांच्या मागून रोवलें जातें, हें प्रत्येक शेतकरी ओळखून आहे. ज्याच्याजवळ दान देण्याजोगी जमीन आहे असा मालक जेथें होता तेथेंच हें मंदिर उभें राहावयाचें. रानांतल्या टोल्यावर असा दाता कोठला? शिक्षकाचा पगार पावसावर टाकणें हा ह्या योजनेंतील उघड दोष होता, आणि आजहि कोणी ‘गांवानेंच शाळा पोसावी’ असें सुचविलें तर आम्ही त्यास हेंच सांगूं.

तरीहि त्या योजनेंत एक मर्म होतें, तें मात्र पुढच्या कोणत्याच व्यवस्थेंत आढळत नाहीं. शाळेचा जमाखर्च गांवाच्या डोळ्यांपुढें राहणार होता. शेत पिकलें कीं नाहीं, धान विकला कोणीं, शिक्षक हजर होता कीं नाहीं, हें विचारण्याचा हक्क गांवास आपोआप मिळणार होता, कारण शाळेच्या खात्यांत गांवची माती होती.

स्वातंत्र्यानंतर सन १९४८ च्या कायद्यानें डिस्ट्रिक्ट कौन्सिलें जाऊन तहसिलीगणिक जनपद सभा आल्या. शाळांचा कारभार जिल्ह्यावरून तहसिलीपर्यंत खालीं आला, ही दिशा आमच्या मतें बरोबर होती. परंतु जनपदांचे हात आंखूड व थैली त्याहून आंखूड. सन १९५६ मध्यें विदर्भ मुंबई राज्यांत आला, १९६० मध्यें महाराष्ट्र झाला आणि १ मे १९६२ पासून जिल्हा परिषदा सुरू होऊन शाळा त्यांच्या स्वाधीन झाल्या. ह्या परिषदांनीं केलेलें काम कमी लेखणें अन्यायाचें होईल. जेथें पूर्वीं कोणी मास्तर पाहिला नव्हता अशा गांवांत त्यांनींच शाळा नेल्या. २६ ऑगस्ट १९८२ रोजीं गडचिरोली निराळा जिल्हा झाल्यावर हा पसारा आणखी आंत, एटापल्ली-भामरागडपर्यंत, पोंचला. आश्रमशाळा वाढल्या, हेमलकशास बाबा आमट्यांनीं १९७३ मध्यें आरंभिलेल्या लोकबिरादरी प्रकल्पाची शाळा १९७६ मध्यें निघाली, आणि माडिया मुलें शिकून डॉक्टर व वकील होऊं शकतात हें लोकांस दिसलें. मात्र शाळा गांवांत आली तशी तिची मालकी गांवाबाहेर गेली. शिक्षकाची नेमणूक, बदली, रजा, छप्पराची दुरुस्ती, सर्व वरून. गांवाकडे उरलें तें पंधरा ऑगस्टचें झेंडावंदन.

येथें आम्हांस आमच्या मालगुजारी तलावांची आठवण होते. चंद्रपूर, गडचिरोली, भंडारा व गोंदिया ह्या चार जिल्ह्यांत असे साडेसहा हजारांहून अधिक तलाव आहेत. गोंड राजांच्या काळापासून कोहळी व इतर कास्तकारांनीं ते बांधले, आणि पाळ राखणें, गाळ काढणें, पाटाचें पाणी वांटणें हें सर्व गांवांतल्या गांवांत चाले. ३१ मार्च १९५१ रोजीं मालगुजारी संपली व तलाव सरकारजमा झाले. शंभर हेक्टरांपर्यंतचे पुढें जिल्हा परिषदेकडे आले. मालगुजारीचे दिवस परत यावेत असें आम्ही मुळींच म्हणत नाहीं. त्या तलावांच्या पाळींत वेठबिगारीचा घाम आहे, आणि त्या काळच्या शाळांत कित्येक जातींच्या मुलांस उंबऱ्याबाहेर बसावें लागे. मालगुजार गेला तें योग्यच झालें. चूक झाली ती एवढीच कीं, त्याच्या हातून सुटलेली गोष्ट गांवाच्या हातीं न देतां कचेरीच्या हातीं दिली गेली. परिणाम डोळ्यांपुढें आहे: गाळ सांचला, पाळी झिजल्या, तलावाच्या पोटांत शेतें निघालीं, आणि विचारलें तर जो तो म्हणतो, “तलाव सरकारचा आहे.” गांवच्या शाळेचेंहि तेंच झालें आहे. गाळ जसा एका पावसाळ्यांत सांचत नाहीं, तसा पटहि एका वर्षांत घसरत नाहीं. आणि तलाव उथळ झाला म्हणून तो बुजवून टाकावा असें कोणताहि शेतकरी म्हणणार नाहीं. तो आधीं गाळ काढील.

आतां समूहशाळेच्या बाजूनें जें सांगितलें जातें त्याचा विचार करूं. पांचसात मुलांच्या शाळेंत मुलांस सोबती मिळत नाहींत, खेळ रंगत नाहीं, चार वर्ग एकाच शिक्षकास एकत्र बसवावे लागतात. कोठें कोठें शिक्षक तालुक्याच्या गांवीं राहून येतो, म्हणून शाळा अकराला उघडते व तीनला मिटते. हीं गाऱ्हाणीं खोटीं नाहींत. मोठ्या शाळेंत प्रत्येक विषयास शिक्षक, ग्रंथालय व संगणक असतील हेंहि खरें. जेथें दोन टोले एकमेकांस लागून आहेत, मध्यें नदी-नाला नाहीं, रस्ता बारमाही आहे आणि ग्रामसभेची संमति आहे, तेथें दोन शाळांची एक केली तर आमची हरकत नाहीं.

परंतु अशी ठिकाणें ह्या मुलुखांत किती? पर्लकोटेच्या पुरानें भामरागडचा मार्ग वर्षानुवर्षें तुटत आला. मग तिच्याहून लहान, बिननांवाच्या नाल्यांची काय कथा. ब्रह्मपुरी, सिंदेवाही, मूल ह्या भागांत वाघ व माणूस ह्यांची गांठ पडून माणसें दगावतात, आणि सन २०२१ पासून गडचिरोलीच्या पूर्व रानांत हत्तींचे कळपहि आले आहेत. सात वर्षांच्या मुलानें असलें रान रोज दोनदां ओलांडावें असें ज्यास वाटतें, त्यानें एकदां आषाढांत तें स्वतः ओलांडून पाहावें. सरकार वाहनभत्ता देईल. पण भत्त्यानें नाल्यावर पूल होत नाहीं.

दुसरी गोष्ट शेतीच्या हंगामाची. फाल्गुन-चैत्रांत मोहफूल पडतें, तें पहांटेसच वेंचावें लागतें. त्यानंतर तेंदूपानाचा हंगाम, आषाढ-श्रावणांत रोवणा, कार्तिकांत कापणी. लहान कास्तकार व मजूर ह्यांच्या घरीं ह्या कामांस मुलांचा हात लागतो. तो लागूं नये हें खरें, पण तो लागतो हेंहि खरें. शाळा गांवांत असली म्हणजे पहांटे मोह वेंचलेलें पोर घटकाभरानें वर्गांत येऊन बसतें आणि न आलें तर मास्तर हांक मारून आणतो. शाळा दोन कोसांवर गेली कीं तेंच पोर त्या दिवसाचें गेलें, आणि असे चाळीस दिवस गेले कीं तें शाळेंतूनच गेलें. मुलींच्या बाबतींत तर हें अधिकच लवकर घडतें. म्हणून शाळा हलविण्याचा खर्च मांडतांना वाचलेल्या पगाराबरोबर गळलेलीं मुलेंहि मांडलीं पाहिजेत.

तिसरी गोष्ट भाषेची. माडिया व गोंडी बोलणारीं मुलें, सिरोंचाकडे तेलुगु बोलणारीं मुलें, मराठी शाळेंत येतात तेव्हां शिक्षकाचा पहिला शब्दहि त्यांस परका असतो. धानोरा तालुक्यांतील मोहगांवच्या ग्रामसभेनें सन २०१९ मध्यें स्वतःच्या बळावर गोंडी माध्यमाची शाळा, ‘पारंपरिक कोया ज्ञानबोध संस्कार गोटुल’, सुरू केली. २०२२ मध्यें ती विनापरवाना असल्याची नोटीस शिक्षणखात्याकडून आली व ग्रामसभेस न्यायासाठीं उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाकडे जावें लागलें. परवान्याच्या मुद्द्यावर आम्ही येथें निकाल देत नाहीं. पण एकीकडे पट नाहीं म्हणून शाळा मिटावयाची आणि दुसरीकडे गांवानें हौसेनें काढलेल्या शाळेस परवाना नाहीं म्हणून नोटीस द्यावयाची, ह्या दोन गोष्टींचा मेळ आम्हांस बसवितां येत नाहीं.

कायद्याचें बळ गांवाकडे नाहीं असेंहि नाहीं. १ एप्रिल २०१० पासून अंमलांत आलेल्या शिक्षणहक्काच्या कायद्यानें पहिली ते पांचवीची शाळा एक किलोमीटरच्या व सहावी ते आठवीची तीन किलोमीटरच्या आंत हवी असा दंडक घातला आहे. साठपर्यंत पट असला तरी दोन शिक्षक सांगितले आहेत. आणि शाळा व्यवस्थापन समितींत तीन चतुर्थांश पालक व निम्म्या स्त्रिया असाव्यात असें ठरविलें आहे. शाळेचा विकास-आराखडा करणें हें त्याच समितीचें काम. सन २००६ च्या वनहक्क कायद्याच्या तिसऱ्या कलमांत तर ग्रामसभेच्या शिफारशीनें एक हेक्टरपर्यंत वनजमीन गांवाच्या सोयींसाठीं देण्याची तरतूद असून त्या सोयींच्या यादींत पहिलें नांव शाळेचें आहे. धानोरा तालुक्यांतील मेंढा (लेखा) ह्या लहानशा गोंड गांवानें २००९ मध्यें सुमारें १८०० हेक्टर रानावरील सामूहिक हक्क मिळविला व २०११ पासून आपला बांबू आपण विकला. तेव्हांपासून अनेक ग्रामसभांच्या खात्यांत बांबू व तेंदूपानाचा पैसा येऊं लागला आहे. विद्यामंदिराच्या योजनेस जो दाता टोल्यावर सांपडत नव्हता, तो आज ग्रामसभेच्या रूपानें उभा आहे.

ह्या पैशांतून शिक्षकाचा पगार द्यावा असें आम्ही सुचवीत नाहीं. पगार सरकारचा; साऱ्याबरोबर शाळापट्टी आकारली गेली तेव्हांपासून तें देणें सरकारच्या अंगावर आहे, आणि तें गांवावर ढकलूं देऊं नये. गांवानें करावयाचें तें निराळें. शिक्षक गांवांत राहत नाहीं ही तक्रार सर्वत्र आहे. त्यास कुटुंबासह राहतां येईल असें घर गांवांत आहे काय, हें प्रथम पाहावें, व नसल्यास तें बांधावें. लहान मुलांस माडियांतून वा गोंडींतून समजावून सांगणारी गांवांतीलच एखादी शिकलेली मुलगी मदतीस ठेवावी. शाळा समितीची सभा महिन्यास खरोखर भरवावी आणि शाळेस आलेल्या पैचा हिशेब तींत वाचावा. जिल्हा परिषदेनेंहि शाळा मिटविण्याचा निर्णय ग्रामसभेच्या ठरावावांचून करूं नये. आणि ठराव झालाच तरी एक पूर्ण पावसाळा मुलें नव्या शाळेंत पोंचतात असें दिसल्याखेरीज जुनीस कुलूप घालूं नये.

शेवटीं सधन कास्तकारांस एक शब्द. पट कमी होण्याचें एक कारण गांवें लहान हें आहे. दुसरें कारण असें कीं, ज्याच्यापाशीं ट्रॅक्टर आहे त्याचा मुलगा सकाळीं गाडींत बसून तालुक्याच्या कॉन्व्हेंटांत जातो. गांवांत ज्याचें वजन आहे त्याचें मूल शाळेंत नाहीं, म्हणून शाळेसाठीं कोणी भांडत नाहीं; कोणी भांडत नाहीं म्हणून ती खालावते; खालावते म्हणून उरलेलींहि मुलें जातात. आपलें मूल कोठें घालावें हा ज्याचा त्याचा प्रश्न आहे. परंतु त्याच्या बांधींत रोवणा करणाऱ्यांचीं मुलें ज्या शाळेंत शिकतात तिच्यावर लक्ष ठेवणें, हें त्याचेंहि काम आहे. उद्यांची पाणीवांटप संस्था, धान खरेदीची संस्था व ग्रामसभेचा बांबूचा हिशेब हींच मुलें चालविणार आहेत.

तेव्हां आमच्या सभासदांस आमची विनंती एवढीच आहे. आपल्या गांवच्या शाळेचा पट, शिक्षकांची संख्या, जवळच्या शाळेचें पायवाटेनें अंतर व मध्यें येणारे नाले ह्यांची टिपणी स्वतः चालून तयार करावी, ती येत्या २६ जानेवारी, १ मे, १५ ऑगस्ट किंवा २ ऑक्टोबरच्या ग्रामसभेंत वाचून ठरावास जोडावी, आणि त्याची एक प्रत पंचायत समितीकडे पोंच घेऊन द्यावी. वरून जेव्हां मोजणी येईल, तेव्हां गांवाची मोजणी आधींच तयार असली पाहिजे.